चेहरा माझा, आवाज भलत्याच बाईचा

माझा जन्म इंग्लंडमधला. मी तिसरीत असताना आम्ही ऑस्ट्रेलियात, मेलबर्नजवळच्या वेरिबीला राहायला आलो आणि टीव्ही मालिकेसाठी मुलं शोधत शाळेत आलेल्या एका बाईंनी मला निवडलं. अभिनय मी कधीच शिकले नव्हते. भूमिका होती नुकत्याच भारतातून आलेल्या मुलीची.

मी पहिलं वाक्य बोलले आणि दिग्दर्शकाने थांबवलं. "घरी बोलतेस तसं बोल ना."

अरे, मी घरी बोलते तसंच बोलत होते! भारत मी फक्त सुट्टीत पाहिलेला. त्याला हवे होते विनोदी 'इंडियन' उच्चार. बाबा म्हणाले, "अगं, आजोबांसारखं इंग्लिश बोलून दाखव की." आजोबांची नक्कल करून परक्यांना हसवायचं? मी साफ नाही म्हटलं. शूटिंग तसंच उरकलं.

मालिका लागली त्या संध्याकाळी आईने ओळखीच्या सगळ्या मराठी मंडळींना साबुदाणा वडे खायला बोलावलं. पडद्यावर तोंड माझं हललं आणि आवाज आला कुणा मोठ्या बाईचा, दिग्दर्शकाला हवे होते तसल्याच उच्चारांत.

"अय्या, किती गोड बोललीस गं!" एक काकू म्हणाल्या.

"काकू, तो माझा आवाज नाहीये."

"असू दे गं, दिसतेस तर तूच!"

मुलीचा चेहरा घ्यायचा, आवाज फेकून द्यायचा आणि वर याला संधी म्हणायचं! पुढच्या भागासाठी फोन आला तेव्हा आई कुजबुजली, "येते म्हण."

मी माझ्या आवाजात म्हटलं, "येणार नाही."