शेवटच्या पंगतीचं मटण

धाकट्या भावाच्या लग्नात मटण कमी पडलं, ते माझ्यामुळे. माझ्या लग्नात वडिलांनी बुंदी आणि मसालेभातावर भागवलं होतं. त्याच्या वेळी मात्र दुसऱ्या दिवशी पावण्यांना मटण आणि तांबडा-पांढरा रस्सा घालायचं ठरलं, आणि जेवणाचा हिशेब माझ्याकडे आला. माझा जळफळाट झाला. आचाऱ्याने सांगितलेलं मटण मी "एवढं कशाला?" म्हणत कमी केलं आणि वडिलांना खर्च वाचवल्याचं सांगितलं.

शेवटच्या पंगतीला घरचे बसतात. भाऊ आणि नवी नवरी बसली, तेव्हा पातेल्यात नुसता रस्सा उरला होता.

"दादा, रस्सा एक नंबर झालाय की!" तो हसत ओरडला. त्याच्या त्या हसण्याचाही मला हेवा वाटला.

पुढे स्वतःच्या मुलाच्या जावळाच्या जेवणाचा अंदाज काढायला तो माझ्याकडेच आला. म्हणाला, "दादा, या वेळी मटण जरा वाढवून धर. लग्नात नवरीला हाडूकबी मिळालं न्हाय म्हणून बायको अजून टोमणं मारत्या."

मला राहवलं नाही. "तवा मी मुद्दाम कमी सांगितलं हुतं. तुझ्यावर जळत हुतो. माझं चुकलं. माफ कर मला," मी म्हणालो.