सभ्य चोराचा चेहरा

कल्याणच्या कलावतीला रडताना कुणी पाहिलं नव्हतं. नवरा घरातून नाहीसा झाला तेव्हा ती चौदा वर्षांची होती, आणि त्या दिवशीही ती ताक घुसळत राहिली. बायका म्हणाल्या, दगड आहे. असेल बाई दगड! दगडाने कुंकू लावलं तर तुमचं काय गेलं?

अठराशे चौऱ्याण्णवच्या चैत्रात बारा वर्षं भरणार होती. मग शास्त्राप्रमाणे नवऱ्याला मेलेला धरायचं, पळसाच्या पानांचा पुतळा करून जाळायचा आणि कलावतीला न्हाव्यापुढे बसवायचं. भावाने भटजीही ठरवले. कलावती "बरं" म्हणाली आणि कुंचला धुऊ लागली.

भाऊ पडद्यावर दिव्याने चित्रं दाखवून गोष्टी सांगायचा. काचेवरची ती चित्रं कलावती रंगवायची. या खेपेची गोष्ट होती एका सभ्य चोराची: जरीची पगडी, घड्याळाची साखळी, गोड बोलून घर साफ करणारा. त्याचं तोंड कसं असावं ते भावाने सांगितलं नव्हतं. कलावतीने जवळून पाहिलेला परका पुरुष एकच, तिचा नवरा. डाव्या भुवईतल्या खाचेसकट तोच काचेवर उतरला. भावाच्या लक्षात आलं तोवर ठाण्याचा खेळ तोंडावर आला होता.

ठाण्याला दिवेलागणीला चोर पडद्यावर आला आणि मिठागरवाले काळुराम ताडकन उठले.

"आरं, यो तं त्योच! मीठखात्याचा साहेब बनून गेले शिमग्याला माझे घरान आला, नि बायकोच्या पाटल्या घेऊन गेला!"

बंदोबस्ताचा हवालदार पुढे झाला. "कोणाचा चेहरा हा?"

"कोणाचा नाही, कल्पनेतला," भाऊ घाईने म्हणाला आणि पडद्यामागे बसलेल्या कलावतीकडे वाकून कुजबुजला, "कलू, तोंड उघडू नकोस. चोराची बायको होण्यापेक्षा विधवा बरी."

कोणासाठी बरी, ते त्याने सांगितलं नाही. कलावतीला राग आला नाही, आनंदही झाला नाही. नवरा जिवंत आहे एवढं कळलं. आपण बोललो तर तो पकडला जाईल, तुरुंगात खडी फोडेल, हेही कळलं. डोक्यावरचा पदर सारखा करून ती पडद्याबाहेर आली.

"माझ्या यजमानांचा चेहरा आहे. ते जिवंत आहेत, असं लिहा."

"नाव?"

लग्नातल्या उखाण्यानंतर ते नाव तिने कधी तोंडात घेतलं नव्हतं. आता तिने ते आडनावासकट सांगितलं, आणि हवालदाराला गलक्यात नीट ऐकू आलं नाही म्हणून पुन्हा एकदा, मोठ्याने सांगितलं.