तीच साक्ष, दुसऱ्यांदा

महाडच्या औद्योगिक वसाहतीत एका रसायनांच्या कारखान्यात मी कामाला होतो, तेव्हा माझ्यावर चोरीचा खटला झाला. चोरी कसली, तर एका जुन्या गंजलेल्या व्हॉल्व्हची. भंगारवाल्यानेही नाक मुरडलं असतं असली ती वस्तू. पण त्याच सुमारास फाटके हातमोजे दिले म्हणून मी सुपरवायझरला चारचौघांत सुनावलं होतं. माझ्या तोंडाला लगाम कधीच नव्हता. पुढे थोड्याच दिवसांनी पाळी सुटताना गेटवर एका पिशवीत तो व्हॉल्व्ह सापडला आणि सुपरवायझर म्हणाला, पिशवी याची. दिवाळीला कारखान्याने आम्हा सगळ्यांना डब्यासाठी एकसारख्याच पिशव्या वाटल्या होत्या, हे तेव्हा कुणाला आठवलं नाही.

माल किरकोळ, म्हणून खटला समरी पद्धतीने चालेल असं वकिलांनी सांगितलं. म्हणजे झटपट. साक्षीदार बोलणार आणि न्यायाधीश त्याचा गोषवारा तेवढा लिहून ठेवणार. तुरुंगाचं मला काही वाटत नव्हतं असं म्हटलं तर ते खोटं ठरेल, पण खरी धास्ती निराळी होती. एकदा चोर ठरलो की वसाहतीतलं कुठलंच गेट मला आत घेणार नव्हतं. आमची वाडी पोलादपूरच्या वरच्या अंगाला डोंगरात. तिथल्या म्हशींवर आणि उतारावरच्या हलक्या वरकस जमिनीवर घर चाललं असतं तर मी खाली आलोच कशाला असतो?

ज्याच्या हाती ती पिशवी लागली, तो गेटवरचा वॉचमन वरंधकडचा. वयाने माझ्या वडिलांएवढा. आमची ओळख गेटवरच्या रामरामापुरती. साक्षीत तो कारखान्याच्या बाजूने बोलणार हे मी धरूनच चाललो होतो. पण माझ्या वकिलांनी विचारल्यावर तो म्हणाला, पिशवी याच्या हातात नव्हती, गेटजवळच्या सायकल स्टँडपाशी खाली पडली होती. कुणाची म्हणून विचारलं तर कुणी बोललं नाही. याची, असं सुपरवायझरने सांगितलं. न्यायाधीशांनी पेन खाली ठेवलं, त्याच्याकडे नीट बघितलं आणि तेच पुन्हा विचारलं. त्यानेही तेच पुन्हा सांगितलं. बाहेर आल्यावर वकील म्हणाले, पुढच्या तारखेला तू सुटलास.

आमच्या वाडीत एक रीत आहे. पंचांसमोर कुणी तुमच्यासाठी खरं बोललं, तर त्याच्या घरी तूप पोचवायचं. नाही पोचवलं तर त्याचा शब्द तुम्ही फुकट खाल्लात असं मानतात. आईने घरचं तूप कढवलं, तांब्याभर घेतलं, दोन एसट्या बदलून त्याच्या गावी गेली आणि भर आळीत त्याच्या दारात देऊन आली. मला सांगितलं तेव्हा मला बरंच वाटलं.

आणि मग न्यायाधीशांची बदली झाली.

त्यांच्या जागी आलेल्या बाई तरुण होत्या. आमचे वकील म्हणाले, साक्षी झाल्या आहेत, कागद वाचून निकाल द्यावा. सरकारी वकिलांचीही हरकत नव्हती. बाईंनी कागद उलटून बघितले आणि मान हलवली. समरी खटल्यात तुम्ही दोघं कबूल असलात तरी तसं करता येत नाही, खटला पहिल्यापासून चालेल, असं त्यांनी सांगितलं. मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "ही साक्ष मी ऐकलेली नाही. या चार ओळींवर आज तुम्हाला सोडलं, तर उद्या असल्याच चार ओळींवर कुणाला तरी आत पाठवीन."

त्या मला तेव्हा शत्रूच वाटल्या. न्याय करायला बसल्या आहेत की छळायला, असं मी बाहेर येऊन बडबडलो. त्या भरात तुपाची गोष्टही वकिलांच्या कानावर घातली. त्यांनी कपाळाला हात लावला.

"आभार निकालानंतर मानतात रे," ते म्हणाले. "आता सरकारी वकील विचारतील, साक्षीदाराने आरोपीकडून काय घेतलं?"

वॉचमनची पहिली साक्ष तुपाच्या आधीची होती, पण ती आता मोडीत निघाली होती. जी धरली जाणार, ती तुपानंतरची. त्याच्या वाऱ्यालाही उभं राहू नका, असं वकिलांनी बजावलं. आई घरात माझ्याशी नजर मिळवेना. निकाल लागेपर्यंत कारखान्याने मला घरी बसवलं होतं. मग एका सोबत्याकडून कळलं की तो म्हातारा हल्ली गेटवर दिसत नाही. त्याला आतलं सुखाचं काम देऊन फोडलं, असं मी मनाशी पक्कं करून टाकलं आणि त्याला शिव्या घालत तारखेची वाट बघत बसलो. जेवण जात नव्हतं.

तारखेला तो साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभा राहिला. वाळला होता. पिशवीबद्दल त्याने शब्दाला शब्द तेच सांगितलं. माझा जीव भांड्यात पडतोय तोच सरकारी वकील उठले. कुणीतरी त्यांना खबर दिली होतीच. त्यांनी विचारलं, आरोपीच्या घरून तुम्हाला काय मिळालं?

"तूप," तो म्हणाला. "याची आय घिऊन आली व्हती."

बाईंनी लिहायचं थांबवून स्वतः विचारलं, म्हणून आज त्याच्या बाजूने बोलताय का?

"तूप नव्हतं तवा पन ह्येच सांगितलं, साहेब. त्यापायी माजी नोकरी गेली. आज पिशवी याची हाय म्हनालो, तर परत घेनार हायत."

बाई पुन्हा लिहू लागल्या. फोडलेला माणूस म्हणून मी ज्याला इतके दिवस शिव्या घातल्या, त्याची चूल माझ्यामुळे थंड पडली होती आणि आम्हाला त्याचा पत्ता नव्हता. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

मी सुटलो. आई कोर्टाच्या पायरीवर त्याच्या पाया पडायला वाकली, तर त्याने पाय मागे घेतले आणि एसटीची वेळ झाली म्हणत निघून गेला. कारखान्याने मला परत घेतलं, त्याला घेतलं नाही. गेटवर नवा वॉचमन बसू लागला होता. पाळी सुटताना तो कुणाची पिशवी उघडू लागला की मी मान खाली घालून भराभरा बाहेर पडायचो. काही दिसलं तर सांगावं लागेल, आणि एकदा सांगून भागत नाही हे मी बघितलं होतं.