खिशातला वायसर

नळाची कामं करणारे मिस्त्री रोज सकाळी चहाच्या आधी बायबलचा एक उतारा वाचत आणि बायकोला सांगत, "आज हे करून बघायचं." नुसतं वाचून मिटून ठेवणं त्यांना पटत नसे. खिळ्याला टांगूनच ठेवायचा तर पाना विकत घ्यायचाच कशाला, म्हणायचे! जिभेला लगाम घालण्याबद्दल वाचलं, त्या दिवशी दुपारपर्यंत तोंडातून शब्द काढला नाही. गिऱ्हाइकांना वाटलं, दाढ दुखतेय. शेजाऱ्यावर प्रेम करण्याचं वाचलं, तेव्हा एका भांडकुदळ शेजाऱ्याचा गळका नळ न विचारताच दुरुस्त करायला गेले, तर त्यानं चोर चोर म्हणून गल्ली गोळा केली. असा हा भाबडा जीव. राग मात्र सदा नाकाच्या शेंड्यावर.

मुलगा त्यांच्याच हाताखाली काम करायचा. चांगला दाढीमिशीवाला बाप्या झाला होता, पण बापाच्या लेखी अजून कार्टंच.

एका सकाळी कुसळ-मुसळाचा उतारा निघाला. "आज कुणाच्या चुका काढायच्या नाहीत," असं जाहीर करून मिस्त्री मुलाला घेऊन एका म्हाताऱ्या शाळामास्तरीण बाईंकडे गेले. त्यांच्या सिंकखालचा पाइप बदलायचा होता. मिस्त्रींनी स्वतःच्या हातानं जोड आवळला आणि मुलाला हाक मारली, "सोड रे पाणी!" पाणी सुटलं मात्र, जोडातून असा फवारा उडाला की बाईंचा पिठाचा डबा, ओट्यावरचा चष्मा, खुर्चीवरची नवी चादर, सगळं चिंब.

झालं! मिस्त्रींचं डोकं फिरलं. बाईंच्या देखत ते पोरावर बरसले, "गाढवा, हळू सोडता येत नाही? तुझ्या हाताला यशच नाही! माझ्या माघारी भीक मागशील!"

मुलानं पाणी बंद केलं, सिंकखाली भिजत जोड खोलून पुन्हा आवळला, फरशी पुसली. आपल्या घराच्या दारात आल्यावर मात्र म्हणाला, "बाबा, उद्यापासून मी येणार नाही. दुसरीकडे काम बघतो."

"जा, जा! माझं काय खेटर अडतंय!" मिस्त्री म्हणाले. म्हणाले खरे, पण भरलं ताट तसंच सारून उठले.

संध्याकाळी शर्ट भिजत घालताना बायकोनं खिसा चाचपला. "अहो, हे काय?"

जोडात बसवायची रबरी चकती, वायसर. वायसर खिशात आणि जोड आवळलेला! मग पाणी उडणार नाही तर काय होणार? मिस्त्रींनी तिथेच गुडघे टेकले आणि सकाळचं सगळं मोठ्यानं सांगत देवाची क्षमा मागायला लागले. प्रार्थना संपता संपेना.

बायकोनं थोडा वेळ वाट पाहिली. मग म्हणाली, "देवाला काय सांगत बसलात? तो काय सिंकखाली भिजत होता? भिजला तो आत बॅग भरतोय. त्याला सांगा."

"पोरापुढे बापानं वाकायचं?"

"ओरडताना बापच होतात ना? मग वाकलात तरी बापच राहाल."

मिस्त्री उठले. पाणउतारा चारचौघांत करायचा आणि माफी कोपऱ्यात मागायची, हे काही त्यांच्या मनाला पटेना. मुलाला म्हणाले, "चल माझ्याबरोबर." का, कुठे, काही सांगितलं नाही. तोही तोंड पाडून मागे मागे आला.

बाईंनी दार उघडलं. "अगंबाई! पुन्हा गळतंय की काय?"

मिस्त्रींनी तळहातावरचा वायसर पुढे केला. "बाई, सकाळची चूक माझी. हा बसवायलाच विसरलो. बोल मात्र ह्यानं खाल्ले." मग मुलाकडे वळले. "मला माफ कर, बाळा. तुझ्या हाताला चांगलं यश आहे."

मुलगा खाली बघत म्हणाला, "मला ठाऊक होतं, बाबा."

"काय ठाऊक होतं?"

"जोड खोलला तेव्हाच दिसलं, आत वायसर नाही. मग माझ्या पिशवीतला घातला."

"अरे, मग तेव्हाच बोलला का नाहीस?"

"बाई समोर होत्या ना."

दाराच्या चौकटीला धरून मिस्त्री लहान मुलासारखे रडायला लागले. बाईही पदरानं डोळे पुसू लागल्या. उद्या येशील का, हे विचारायचा मिस्त्रींना धीरच होईना.

मुलानं त्यांच्या पाठीवर हात ठेवला. "चला घरी. आई जेवायची थांबली असेल," तो म्हणाला. "आणि उद्या कुणाकडे जायचंय, ते सांगा."