फुमिएताईंची कॅसेट

फुमिएताई गेल्याचा फोन नर्सिंग होममधून आला तेव्हा मी पोळ्या लाटत होते. फोन ठेवला आणि पुन्हा लाटायला लागले... त्यांना हे पटलं असतं. "माणूस काय बोलतो ते नंतर, आधी त्याचे हात काय करतात ते लिहायचं," असं त्या म्हणायच्या. वॉटफर्डच्या साप्ताहिकाने मात्र छापलं, 'पुष्परचनेचे वर्ग घेणाऱ्या जपानी बाई'. पोटासाठी केलं तेवढंच लोकांच्या लक्षात राहिलं.

आमच्या या शेजारीणबाई तरुणपणी तोक्योत सिनेमाच्या पटकथा लिहायच्या. मग एका इंग्रजाशी लग्न करून इथे वॉटफर्डला आल्या आणि तो गेल्यावर एकट्याच राहिल्या. तिकडची रीत त्यांनी मला सांगितली होती. दिग्दर्शक तीन-चार लेखकांना डोंगरातल्या एखाद्या लॉजवर नेऊन बसवायचा. सगळ्यांनी एकच प्रसंग लिहायचा, मोठ्याने वाचायचा, आणि उत्तम असेल तो ठेवायचा. बहुतेक वेळा यांचाच राहायचा. मग यांनाच चहा करायला पाठवत. एका सिनेमातली आई घर सोडून निघालेल्या मुलीशी अक्षरही बोलत नाही, नुसतं तिच्या डब्याचं झाकण पुन्हा पुन्हा घट्ट करते. तो प्रसंग, खरं तर अख्खा सिनेमाच यांचा. पडद्यावर लेखक म्हणून नाव दिग्दर्शकाचं! "पुढच्या प्रिंटमध्ये तुझं घालू," असं तो माणूस वर्षानुवर्षं सांगत राहिला.

नव्वदनंतर कधीतरी तो सिनेमा व्हिडिओवर आला आणि त्याने स्वतः यांना कॅसेट पाठवली. इथल्या साध्या मशीनवर जपानी कॅसेट लागत नाही. आमच्याकडे न्यू जर्सीच्या नणंदेच्या लग्नाच्या कॅसेट बघायला घेतलेलं, सगळ्या देशांचं चालणारं मशीन होतं. म्हणून त्या आमच्याकडे आल्या, चांगली साडी नेसावी तसा ठेवणीतला किमोनो घालून.

"अगं, पॉज कर, पॉज!" आमचे हे ओरडले. पडद्यावर एकच नाव मोठ्या अक्षरांत आलं होतं. आम्हाला कुठलं जपानी वाचता येतंय! "हेच ना तुमचं नाव, फुमिएताई? काँग्रॅच्युलेशन्स!"

त्या बघत राहिल्या... "हो," म्हणाल्या, "हेच."

मी पेढे वाटले, ब्लाउजपीस आणि नारळ घेऊन त्यांची ओटी भरली. विधवेची ओटी भरतात का, हे मी वॉटफर्डात कुणाला विचारणार होते! त्यांनी नारळ दोन्ही हातांनी पोटाशी धरला. निघताना म्हणाल्या, "कॅसेट तुमच्याकडेच राहू द्या. माझ्याकडे मशीन कुठे आहे?"

फ्युनरलला ओसाकाहून भाची आली होती. तिला घरी चहाला बोलावलं आणि मोठ्या अभिमानाने मावशीचं नाव दाखवलं. पोरगी पडद्याजवळ सरकली. "हे दिग्दर्शकाचं नाव आहे," ती म्हणाली. आम्ही शेवटच्या अक्षरापर्यंत कॅसेट चालवली. फुमिएताईंचं नाव कुठेच नव्हतं.

आमचा आनंद मोडू नये म्हणून त्या त्याच्याच नावाचे पेढे खाऊन गेल्या, हे आठवलं की अजून अंगाची आग होते. गेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये म्हणतात. पण तो दिग्दर्शक जिवंत आहे, मानसन्मान घेत फिरतो आहे, म्हणून स्पष्ट लिहिते. त्याने चोरी केली.

कॅसेट अजून आमच्या टीव्हीखाली आहे. तिच्यावर मी पांढरी पट्टी चिकटवून लिहिलंय, 'पटकथा : फुमिए'. त्यांच्या सिनेमावर त्यांचं नाव आहे ते एवढंच, तेही देवनागरीत. हीटरच्या उष्णतेने पट्टीचे कोपरे सारखे सुटतात. येता-जाता मी ते अंगठ्याने पुन्हा पुन्हा घट्ट दाबत असते.