टिलरवरचे सासरे आणि माझं धान

दवनीवाड्याच्या रस्त्यावर वाळत घातलेलं साऱ्या गावाचं धान मी सकाळीच उचलायला लावलं. माझं स्वतःचं तेवढं राहिलं. आणि ज्यांच्या वाटेत ते राहिलं ते माझे सासरे. त्यांच्याइतका घाईचा माणूस अख्ख्या झाडीपट्टीत जन्मला नसेल.

लग्नाच्या पंगतीत आमच्या पानात मीठ पडतं, तेव्हा हे हात धुऊन सुपारी कातरत असतात. एकदा सासूबाईंना स्कूटरवर बसवून गोंदियाहून निघाले. कुडव्याला त्या भाजी घ्यायला उतरल्या आणि हे थेट घरी. "रस्ताभर ही चूप," मला म्हणाले, "मले वाटलं, वेगाले भेली." अशा माणसाला मोबाइलवर जगभरचे वेगाचे विक्रम दिसले. कुणी गवत कापायच्या यंत्रावर बसून सुसाट सुटलेला. मग यांनी आपला चिखलणीचा पॉवर टिलर काढला. लोखंडी चाकांच्या जागी रबरी चाकं आली, पुली बदलली. ब्रेकचं विचारलं तर म्हणाले, "थांबाले कोन चाललं?" गुडघ्यांना उशा बांधून महिनाभर सराव चालला. शेवटी सासूबाईंनी पोरीची शपथ घातली: फेरी एकच, जमो की न जमो; मग टिलर चिखलातच.

रस्ता मोकळा करणं आणि शेवटच्या खुणेपाशी घड्याळ धरणं माझ्याकडे होतं.

"जवाई, रस्ता साफ आहे ना?" फोनवर आवाज आला.

"एकदम साफ, मामाजी," मी म्हणालो, आणि दुसऱ्या हातानं माझ्याच धानावरच्या शेळ्या हाकलल्या. सवयच ती. धान वाळत असलं की शेळ्या हाकायच्या. ते रस्त्यात आहे, हे डोक्यात यायला टिलर समोर दिसावा लागला.

शर्ट फुगलेला, दात विचकलेले, असे ते आले. दाण्यांवर चाकं घसरली, टिलर शेताच्या धुऱ्यावर चढला आणि सासरे पलीकडं धानाच्या बांधीत पडले. मी धावलो. पाय मोडला होता, तरी पहिला प्रश्न, "कितीक झालं?" घड्याळ मी कुठे टाकलं होतं देव जाणे.

आता ते प्लास्टर घालून अंगणात बसतात. रस्त्यानं ट्रॅक्टर गेला की मान वळवून त्याचा वेग पुटपुटतात. परवा मला राहवलं नाही. म्हटलं, "मामाजी, त्या दिवशी विक्रम झालाच असता."

"झाला असता, बाप्पा," ते हळूच म्हणाले. मला एका शब्दानं बोलले नाहीत, तेच लागलं.

सासूबाई तांदूळ पाखडत होत्या. सुपातली नजर न काढता म्हणाल्या, "पोरीसाठी जवाई पाहतानी ह्यायनं एवढी घाई कराले नोती पायजे."