सातवी चिठ्ठी

गाडी बेंगळूरच्या स्टेशनात शिरली तेव्हा हवेत तो ओळखीचा गारवा होता. अकरा वर्षांनी येत होतो. एका हातात बॅग, दुसऱ्या हातात सांगलीच्या भडंगाचं पाकीट. निमित्त व्याख्यानाचं होतं. जे. पी. नगरात सरदेसायांच्या घरी रविवारी सकाळी जमणाऱ्या आमच्या जुन्या अभ्यासमंडळाने बोलावलं होतं. विषय माझ्या आवडीचाच: ग्रीकांच्या मते नागरिक कोण? मी मूळचा इंजिनिअर, इथल्या सरकारी संशोधन संस्थेत नऊ वर्षं नोकरी केली. ग्रीक विचार हा माझा छंद, आणि त्या बैठकांमध्ये मिरवण्याचं साधनही.

व्याख्यानाआधी मला एका माणसाला भेटायचं होतं. तो माणूस म्हणजे बाळगोंडा पाटील. ते कसे वागतील याची भीती वाटत होती, म्हणून येत असल्याचं मी त्यांना कळवलंही नव्हतं.

सरदेसायांकडे बॅग ठेवली, अंघोळ केली. सरदेसाई इथे तीन पिढ्यांपासूनचे. वहिनींना सगळी गल्ली अक्का म्हणते. अक्कांनी उप्पिटाची ताटली पुढे केली आणि एवढ्या सकाळी कुठे निघालात म्हणून विचारलं. शिवाजीनगरला, पाटलांकडे, असं सांगितल्यावर सरदेसाई हसले. म्हणाले, ते अजून आहेत होय? आपल्या खेळात बाद झाले होते ते?

मीही हसलो. अकरा वर्षं मी असाच हसत आलो होतो.

मेट्रोतून उतरून रिक्षा केली. रिक्षावाल्याला गल्लीचं नाव सांगितलं, तर त्याने 'स्वल्प मुंदे' (थोडं पुढे) असं चारदा म्हणत मला बसस्टँडच्या भलत्याच बाजूला सोडलं. उतरताना भडंगाचं पाकीट दांडीत अडकून फाटलं. रुमाल बांधला तरी भडंग गळतच होतं. फुलवाले, हातगाड्या, गॅरेजं आणि एका ओळीत उभ्या बसेस यांच्यातून वाट काढत मी चाललो होतो. एका म्हाताऱ्या बाईने हाक मारून मागे बघायला सांगितलं. रस्त्यावर शेंगदाण्यांची रेघ पडली होती. त्याही वेळी परत फिरावंसं वाटलं. पाकीटच फाटलं, आता काय घेऊन जायचं, असली सबब मनात तयार होती.

आता ते प्रकरण सांगतो.

आमच्या मंडळात अक्का धरून बारा जण होतो. पाटील निपाणीकडचे, कारखान्यात फोरमन. घरात मराठी, शाळा सगळी कन्नड. वाचन आमच्याइतकं नव्हतं, पण प्रश्न विचारायचे. नागरिक म्हणजे जो न्यायनिवाड्यात आणि कारभारात भाग घेतो, जो पाळीपाळीने राज्य करतो आणि दुसऱ्याचं राज्य मानतोही, असं मी एकदा रंगवून सांगत होतो. पाटलांनी विचारलं, मग तिथल्या बायकांचं काय? गुलामांचं? बाहेरून येऊन राहिलेल्यांचं, जे कर देत होते, लढाईलाही जात होते? आणि त्या हिशोबाने आपण बेंगळुरात कोण? तेवढ्यात सरदेसायांची कामवाली चहा घेऊन आली. पाटील म्हणाले, या बाईंनाही विचारा की.

सगळे माझ्याकडे बघू लागले. मी चहा घेऊन विषय बदलला. असं तीन-चार रविवार झालं.

मग मी अथेन्समधली एक प्रथा काढली. जो माणूस नगराला डोईजड होतोय असं वाटे, त्याचं नाव लोक खापरीच्या तुकड्यावर खरडत. पुरेशा खापऱ्या जमल्या की त्याला दहा वर्षं नगराबाहेर जावं लागे. आरोप नाही, बचाव नाही. मी म्हटलं, आपण करून बघू, गंमत म्हणून. खापऱ्यांऐवजी चिठ्ठ्या. सात चिठ्ठ्यांवर एकच नाव आलं तर त्याने दहा रविवार यायचं नाही. नाव कुणाचं येणार हे मला माहीत होतं. आदल्या दिवशी दोघांशी मी तसं बोललोही होतो.

पाटील माझ्या शेजारी बसले होते. मराठी लिहायचा सराव नाही म्हणून त्यांनी आपली चिठ्ठी माझ्याकडे सरकवली. हळूच म्हणाले, "कुणाचं लिवू नका सर. कोरीच टाका."

मी त्यांच्या चिठ्ठीवर त्यांचंच नाव लिहिलं.

सात चिठ्ठ्या निघाल्या. त्यातल्या दोन माझ्या हातच्या. लोक टाळ्या वाजवून हसले. पाटील उठले, चपला घातल्या आणि गेले. अथेन्सचा माणूस मुदत संपली की मानाने परत येई, त्याचं घरदार त्याचंच राही. अकराव्या रविवारी पाटलांना बोलावणं माझं काम होतं. मी बोलावलं नाही. पुढे माझी बदली झाली.

पाटलांचं दुकान सापडलं. निवृत्तीनंतर त्यांनी लोखंड कातायचं एक लेथ मशीन टाकलं आहे, एकटेच काम करतात. त्यांनी चष्म्यावरून पाहिलं, मशीन बंद केलं.

"आलासा? बसा की. हे काय सांडत आलासा?"

मी रुमाल उघडून उरलेलं भडंग ठेवलं. त्यांनी मूठभर तोंडात टाकलं, सांगलीचं म्हणून ओळखलं, आणि मला कोपऱ्यावरच्या दर्शिनीत (उभ्याने खायच्या हॉटेलात) घेऊन गेले. तट्टे इडली (ताटलीएवढी पसरट इडली) मागवली, कॉफी 'बाय-टू', म्हणजे एक कॉफी दोन पेल्यांत. बायकोच्या गुडघ्यांबद्दल, निपाणीच्या शेताबद्दल बोलत राहिले. मी इडली चिवडत होतो. शेवटी म्हणाले, "सर, काय सांगायचं ते सांगून टाका. इडली गार व्हायलीय."

मी सांगितलं. तुमची चिठ्ठी मी कोरी टाकली नाही, एवढंच. नीट वाक्यही झालं नाही.

त्यांनी पेला खाली ठेवला. "मला ठावं हाय."

कसं, असं मी विचारलं.

"शाळेत हिंदी होतं की, अक्षर तेच. लिवाय जमत नाही पटपट, वाचाय येतंय. तुम्ही लिवलासा ते मी बघितलो."

तेव्हाच का बोलला नाहीत, असं मी विचारलं. हे विचारायची लाज वाटायला हवी होती, ती नंतर वाटली.

"वाटलं, मोजताना तरी तुम्ही बोलशीला. नंतर वाटलं, घरला येशीला." त्यांनी पेला पुन्हा उचलला. "आणि मी बोललो असतो तर काय, पाच जणांनी तर आपल्या मनानंच लिवलेलं. त्यांचं एवढं वाईट नाही वाटलं. त्यांनी त्यांचं मत दिलं. माझं मत तेवढं तुम्ही घेतलासा."

मी माफी मागितली. त्यांनी मान हलवली, पण ती होकाराची वाटली नाही. म्हणाले, "हे तुम्ही मला सांगितलासा. मला तर ठावंच होतं. त्या खोलीत बारा माणसं होती सर."

पैसे त्यांनीच दिले. मला बसस्टँडपर्यंत पोचवायला आले, कुठल्या नंबरची बस घ्यायची ते दोनदा सांगितलं, आणि कामाला परत गेले.

रविवारी सरदेसायांच्या हॉलमध्ये मला सोडून जुन्यांपैकी आठ जण होते आणि बरेच नवे चेहरे. पाटील नव्हते. अक्कांनी फोन केला होता, पण ते नको म्हणाले. माझ्या खिशात सहा पानांचं टिपण होतं. ते काढलं नाही. उभा राहून झालेला प्रकार सांगितला, चिठ्ठ्या वाटल्यापासून मोजेपर्यंत, नाव घेऊन.

सरदेसाई समजुतीच्या सुरात म्हणाले की एवढं काय, खेळ होता तो. मी म्हटलं, नव्हता. खेळ असता तर आपण त्यांना अकराव्या रविवारी बोलावलं असतं.

मग अक्का दाराच्या चौकटीला टेकून म्हणाल्या, "मीही त्यांचंच नाव लिहिलं होतं. कामवालीला चर्चेत ओढलं म्हणून राग आला होता मला." एवढं बोलून त्या आत गेल्या. सरदेसाई त्यांच्या पाठीकडे बघत राहिले. नंतर चहा झाला, पण गप्पा काही रंगल्या नाहीत. नव्यांपैकी एका मुलीने विचारलं की व्याख्यान पुढच्या वेळी होणार का. मी नाही म्हणालो.

ग्रीक तत्त्वज्ञांपैकी एकाने लाजेबद्दल फार कठोर लिहून ठेवलं आहे. तरुणांना लाज शोभते, कारण ते चुकतात आणि लाज त्यांना आवरते. प्रौढ माणूस लाजाळू आहे म्हणून त्याचं कौतुक कुणी करू नये. लाज वाटेल असं त्याने मुळात करायलाच नको. हे मी त्या मंडळात शिकवलं होतं. सद्गुण सवयीने येतो, हेही शिकवलं होतं. माझी सवय गप्प बसायची. लोकांना तो माझा सोज्वळपणा वाटायचा.

माणसं नुसती जगायला नव्हे, चांगलं जगायला एकत्र येतात, तेव्हा नगर होतं, असंही तोच तत्त्वज्ञ म्हणतो. आम्हा बारा जणांजवळ ना राज्य होतं, ना सत्ता. दर रविवारी दोन तास आणि प्रत्येकी एक मत. तेवढं सांभाळायचं होतं.

परतीच्या गाडीत बसण्याआधी स्टेशनवरून पाटलांना फोन केला. सांगितलं सगळ्यांना, म्हटलं. मागे लेथचा आवाज येत होता. रविवारीही काम चालू होतं. त्यांनी शाबासकी दिली नाही, रागही दाखवला नाही. किती जण होते एवढंच विचारलं.

आठ, मी म्हटलं. एक व्हाइटफील्डला राहायला गेलेत, ट्रॅफिकमुळे आले नाहीत. एक परदेशात आहेत.

"म्हणजे दोघं राहिले की," पाटील म्हणाले आणि फोन ठेवला.

त्या दोघांकडेही मंडळाचा वार्षिक अंक पोस्टाने जातो. संपादकांनी माझ्याकडे बेंगळूरचं प्रवासवर्णन मागितलं होतं. ते हे.